यकृताच्या बायॉप्सीत इओसिनोफिल

प्रश्न : आईच्या यकृताच्या बायॉप्सीत ‘पोर्टल भागात इओसिनोफिल’ असं लिहून आलंय. हा कॅन्सर आहे का?

उत्तर : एवढ्यावरून तसं म्हणता येत नाही. पोर्टल भाग म्हणजे यकृतात रक्तवाहिन्या आणि पित्तनलिका एकत्र जातात ती जागा. इओसिनोफिल म्हणजे लालसर दाण्यांच्या, दोन पाळ्यांचं केंद्रक असलेल्या पांढऱ्या रक्तपेशी; त्या एकट्याने निदान ठरवत नाहीत. पहिला संशय औषधाच्या इजेचा. पण ऑटोइम्यून हिपॅटायटिस (शरीराची प्रतिकारशक्तीच यकृतावर हल्ला करते तो आजार), जंत यांतही त्या दिसतात. प्रत्यारोपित यकृतात रिजेक्शनची, म्हणजे शरीर नवं यकृत नाकारत असल्याची, शंका घ्यावी लागते.

आईने गेल्या सहा महिन्यांत घेतलेली प्रत्येक गोळी, काढा, चूर्ण सुरू-बंदच्या तारखांसह लिहून डॉक्टरांना द्या. घरगुती म्हणून गुळवेल वगळू नका. तिच्यामुळे यकृताला इजा झालेले रुग्ण मुंबईच्या डॉक्टरांनी 2021 मध्ये नोंदवले आहेत. क्षयाच्या गोळ्यांनीही यकृताला इजा होऊ शकते; त्या सुरू असतील तर आजच डॉक्टरांना विचारा, परस्पर बंद करू नका.