सवाल-जवाब : ‘पण’च्या पुढचं वाक्य

प्रश्न : ताई, मुलगा इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. ‘सरप्लस’ नावाचा माहितीपट पाहिल्यापासून त्यातल्या जॉन झर्झन या अमेरिकन विचारवंतानं त्याला झपाटलंय. माणूस शेती करायला लागला तिथेच सगळं बिघडलं, म्हणतो. मग हा गृहस्थ कॅमेऱ्यासमोर कसा बसतो? हे ढोंग नाही का?
– एक वडील, कोथरूड

उत्तर : ढोंगाचा मुद्दा काढू नका, मुलगा तुम्हाला दोन मिनिटांत गप्प करेल. गांधीजींनी १९०९ मध्ये ‘हिंद स्वराज’मध्ये रेल्वे, वकील, डॉक्टर सगळ्यांवर कोरडे ओढले. पुढे रेल्वेनंच देश पालथा घातला, आणि जानेवारी १९२४ मध्ये येरवड्याच्या तुरुंगातून त्यांना आपल्या ससूनमध्ये आणून कर्नल मॅडॉक यांनी अपेंडिक्सची शस्त्रक्रिया केली. त्यातही ऐन वेळी वीज गेली आणि काम कंदिलाच्या उजेडात उरकावं लागलं! एवढ्यानं ते पुस्तक कुणी रद्दीत घातलं नाही.

झर्झन यांची तक्रार कॅमेऱ्याच्या फार मागे जाते. शेती, पाळीव जनावरं, घड्याळ, आकडे, इतकंच काय, भाषासुद्धा त्यांना खुपते. भाषेलाच आक्षेप असलेला माणूस निबंध लिहितो, रेडिओवर बोलतो, तिथे कॅमेऱ्याचं काय घेऊन बसलात? पण शेतीशिवाय आज एवढ्या माणसांच्या ताटात काय वाढायचं, हे मात्र मुलाला जरूर विचारा. जेवताना विचारलंत तर उत्तम.

मी तीस वर्षं एडिटिंग टेबलवर काढली, म्हणून मला खटकतं ते वेगळंच. ‘सरप्लस’ २००३ चा, स्वीडनचा, दिग्दर्शक एरिक गांदिनी. कापलाय अफलातून, अगदी ठेक्यावर. मायक्रोसॉफ्टचे तेव्हाचे प्रमुख स्टीव्ह बामर स्टेजवर नाचत ओरडतात, त्याचंही गाणं होतं. अशा ठेक्यात झर्झन यांचं वाक्यही ढोलाच्या टिपरूसारखं पडतं. टाळी मिळते, विचार मागे राहतो.

हे पाप मीही केलंय. मुठेकाठी राहणाऱ्या एका निवृत्त मास्तरांची दीड तासाची मुलाखत मी चाळीस सेकंदांवर आणली होती. “नदीपात्रातला रस्ता नकोच,” एवढं ठेवलं. पुढे ते म्हणाले होते, “पण माझी लेक रोज त्याच रस्त्यानं कामावर जाते.” ते कापलं. वेळ नव्हता, आणि खरं सांगायचं तर ‘नकोच’वर कट फार छान बसत होता. शो संपल्यावर मास्तरांनी एवढंच विचारलं, “माझी लेक कुठे गेली हो?”

तेव्हा मुलाशी वाद घालण्यापेक्षा त्याच्या शेजारी बसून फिल्म पाहा. मोबाईलवर स्टॉपवॉच लावा आणि झर्झन एका दमात, मध्ये कट न येता, किती सेकंद बोलतात ते मोजा. मग त्यांचा एखादा अख्खा निबंध त्याला वाचायला लावा. आणि त्यात ‘पण’ कुठे सापडला, तर मलाही कळवा.