जपानसारख्या पुढारलेल्या देशात गाणी ऑनलाइन यायला इतका उशीर का झाला?

‘उशीर झाला’ हेच मला मान्य नाही. २००२ साली जपानी पोरं गाण्याचे तुकडे विकत घेऊन फोनवर रिंगटोन लावत होती. त्याला ‘चाकु-उता’ म्हणायचे. २००४पासून अख्खं गाणं फोनवर उतरायचं, पैसे फोनच्या बिलात. आपण तेव्हा मिस्ड कॉल देत होतो! पुढे स्मार्टफोन आले आणि ती सगळी दुकानदारी जुन्या फोनांबरोबर बसली. स्पॉटिफाय तिथे पोचलं २०१६च्या सप्टेंबरात. मधल्या काळात लोक काय करत होते? सीडी घेत होते.

मी २०१४मध्ये तोक्योत दुभाषी होते, राहायला निशी-कासाईत. माझ्या शेजारच्या टेबलावर पन्नाशीचे एक गृहस्थ बसायचे. दिवसभरात ‘ओत्सुकारेसामा’पलीकडे, म्हणजे ‘दमलात हो’ अशा ऑफिसातल्या रामरामापलीकडे, शब्द नाही. एका सोमवारी त्यांनी माझ्यापुढे कागदी पिशवी ठेवली. आत एकाच गाण्याच्या अकरा सीडी. बाजूची कागदी पट्टीसुद्धा जशीच्या तशी, फक्त प्रत्येकीतलं तिकीट काढलेलं. एकेबी ४८ या मुलींच्या गाणाऱ्या ग्रुपच्या सीडीत तेव्हा हस्तांदोलनाचं तिकीट यायचं. एका तिकिटावर आवडत्या मुलीशी काही सेकंद हात मिळवायचा. हे गृहस्थ तोक्योशेजारच्या चिबातल्या माकुहारी मेस्से या प्रदर्शन केंद्रात रांग लावून आले होते. “टाकवत नाहीत, तुम्ही घेऊन जा,” म्हणाले.

मी त्या पुण्याला आणल्या. आमच्या धाकट्या भावजींनी त्या गॅलरीत दोऱ्याला टांगल्या, कबुतरं येऊ नयेत म्हणून. वर मला ऐकवलं, “वहिनी, तुमचं जपान अजून सीडीत अडकलंय, फॅक्सवाले लेकाचे.” हा वाद आमच्याकडे दर दिवाळीला होतो, म्हणून इथे सविस्तर लिहितेय.

भावजी, अडकलेले नव्हते ते, त्यांचा धंदा चालू होता. जपानात नव्या सीडीची किंमत कंपनी बांधून देते आणि दुकानदाराला ती पाडता येत नाही. ज्याला विकत परवडत नाही, तो भाड्याने आणतो, तेही कायदेशीर. त्यात वर ते तिकीट. एक माणूस अकरा प्रती घेत असताना महिन्याच्या वर्गणीवर सगळी गाणी कोण देईल? तुम्ही दिली असती?

आणि जिथे इंटरनेटवरच्या चोरीने खरंच पोट मारलं, तिथे हेच लोक झटपट हलले. मांगाचं, म्हणजे जपानी कॉमिक्सचं बघा. ‘जम्प प्लस’ हे मांगा वाचायचं ॲप २०१४चं. २०१७मध्ये मांगाच्या डिजिटल पुस्तकांची विक्री छापील पुस्तकांच्या पुढे गेली.

अर्थात, हट्टीपणा नव्हता असं नाही. एका बड्या एजन्सीच्या नटांचे फोटो २०१८पर्यंत वेबसाइटवर चालत नसत. तिथल्या पोस्टरमध्ये त्यांच्या जागी करड्या सावल्या. तो शुद्ध वेडेपणा होता. आणि मी पाहिलं ते एका ऑफिसातलं, त्यावरून अख्खा देश जोखू नका.

२०२०मध्ये कोरोनाने हस्तांदोलन बंद पाडलं आणि ते व्हिडिओ कॉलवर गेलं. आमच्या त्या शेजारच्या टेबलावरच्या गृहस्थांनी ‘लाइन’ या चॅट ॲपवर कळवलं, की आता रांग नाही, घरूनच बोलतो, पण सीडीचे खोके येतातच. पुढे विचारलं, त्या अकरा अजून आहेत का? मी ‘आहेत’ लिहिलं. खोटं नाही, गॅलरीतच आहेत.