धुतलेल्या काळ्या कपड्यांना पांढरी लव आणि मांजराचे केस चिकटतात, काय करावं?

काळे कुर्ते, लेगिंग्ज मशीनमधून काढले की त्यावर पांढरी लव आणि मांजराचे केस दिसतात असं तुम्ही विचारलंय. आमच्याकडे एक पांढरा बोका आणि बायकोचे कमरेपर्यंत केस, म्हणजे बघा! मी आधी पावडर बदलली, मग लिक्विड आणलं, व्हिनेगर पण घालून झालं, मला तरी काडीचा फरक वाटला नाही. शेवटी कोणत्या लोडला जास्त लव लागते ते बघत गेलो तर चोर निघाला टर्किशचा टॉवेल. नवा असताना तर तो नुसता कापूस सोडतो आणि पॉलिस्टर, लायक्रावर तो लगेच उठून दिसतो. त्यामुळे टॉवेल, पायपुसणी, पंचे यांचा लोड वेगळाच लावायचा, आणि गडद कपडे उलटे करून टाकायचे म्हणजे जे काय चिकटेल ते आतल्या बाजूला. खिसे पण तपासा, एक टिश्यू राहिला की पूर्ण लोडवर बर्फ पडल्यासारखं होतं.

केसांचं मात्र वेगळं आहे. ओला केस कापडाला घट्ट चिकटून बसतो, मग तो काढणं म्हणजे डोक्याला ताप, म्हणून केस कपडे कोरडे असतानाच काढायचे. आधी गॅलरीत जोरात झटका, मग भांडी घासायचा रबरी हातमोजा किंचित ओला करून (अगदी किंचित हं) कपड्यावर एकाच दिशेने ओढा, केसांच्या शेवयांसारख्या वळ्या होऊन निघतात. चादरीला तर हा उपाय एकदम भारी.

मशीनची जाळी शेवटची कधी काढली होती? मी दोन वर्षांनी काढली, आत राखाडी ओला लगदा, मध्ये लांब केसांची दोरी वळलेली, पिळल्यावर पाणी काळं. जाळी अशी गच्च भरली की ती नवीन काय पकडणार, सगळं परत कपड्यांवर! आता दर दोन-तीन धुण्यांनी उलटी करून नळाखाली धरतो. तुमचं फ्रंट लोड असेल तर पुढे खाली छोटं झाकण असतं त्यात फिल्टर असतो, मशीन बंद करून आणि खाली ताट ठेवून उघडा नाहीतर फरशीवर तळं. आणि ड्रम कोंबून भरू नका, कपडे फिरलेच नाहीत तर लव सुटून पाण्याबरोबर जाणार कशी.

माझी बहीण अमेरिकेत आहे, तिला आपला हा वैताग कळतच नाही कारण तिच्या ड्रायरच्या जाळीत लव आणि केस बरेचसे अडकतात. आपण दोरीवर वाळवणार, तर वाळत घालताना आणि काढताना दोन्ही वेळा कडक झटकायचं.

अजून एक, वाळलेल्या कपड्यांचा पलंगावर ढीग करू नका. आमचा बोका उन्हातून आणलेल्या गरम कपड्यांवरच जाऊन झोपतो.