तहाचा तेरावा भाग

प्रश्न : स्पर्धा परीक्षेच्या सराव संचात ‘भारत हा राष्ट्रसंघाचा मूळ सदस्य होता’ हे विधान बरोबर धरलं आहे. आपण तर १९४७ला स्वतंत्र झालो. उत्तरसूची चुकली आहे की माझं डोकं? – एक विद्यार्थिनी, लातूर

उत्तर : दोन्ही शाबूत आहेत. राष्ट्रसंघ म्हणजे ‘लीग ऑफ नेशन्स’, पहिल्या महायुद्धानंतर निघालेली, आजच्या संयुक्त राष्ट्रांच्या आधीची संघटना. पहिल्या महायुद्धात हिंदुस्थानातून दहा लाखांहून जास्त माणसं समुद्रापार लढायला आणि राबायला गेली. एवढी माणसं दिल्यावर पॅरिसच्या तहपरिषदेत हिंदुस्थानला वेगळी खुर्ची मिळाली. पण खुर्चीवर बसलं कोण? ब्रिटिश मंत्रिमंडळातले भारतमंत्री माँटेग्यू, बिकानेरचे महाराजा गंगासिंह आणि लॉर्ड सिन्हा. २८ जून १९१९ला व्हर्सायच्या तहावर हिंदुस्थानच्या वतीनं सह्या झाल्या त्या माँटेग्यू आणि महाराजांच्या. राष्ट्रसंघाची घटना या तहातच पहिल्या भागात गोवलेली होती, त्यामुळे सही केली की सदस्यत्व आपोआप आलं. नंतर येणाऱ्यांना मात्र स्वयंशासित असण्याची अट होती. ती अट आपल्याला लावली असती तर आपण दारातच अडकलो असतो. यजमानाच्या बोटाला धरून आलेल्या पोराला निमंत्रणपत्रिका कोण विचारतो?

१९४५ला सॅन फ्रान्सिस्कोतही तोच प्रकार. संयुक्त राष्ट्रांच्या सनदेवर हिंदुस्थानसाठी सही करणारे रामस्वामी मुदलियार सरकारनियुक्त होते. विजयालक्ष्मी पंडित त्याच शहरात होत्या, पण सभागृहाबाहेर. आत बसलेले लोक आमचे प्रतिनिधी नाहीत, असं त्या जाहीरपणे सांगत होत्या. परीक्षेत ‘बरोबर’वर खूण करा. मुलाखतीत विचारलं तर एवढं सगळं सांगा.

प्रश्न : लोकमान्य टिळकांना पॅरिसच्या परिषदेला जायचं होतं, असं वडिलांकडून ऐकलं. हे खरं की भक्तांनी रचलेलं? – एक निवृत्त तलाठी, चिपळूण

उत्तर : खरं आहे. डिसेंबर १९१८च्या दिल्ली काँग्रेसनं तहपरिषदेसाठी जी नावं ठरवली त्यांत टिळकांचं होतं. ते तेव्हा लंडनमध्येच होते, चिरोल या इंग्रज पत्रकारावर भरलेल्या बदनामीच्या खटल्यासाठी. फेब्रुवारी १९१९मध्ये खटला हरले. पॅरिसला जाण्याचा परवाना सरकारनं दिला नाही. मग मार्चमध्ये त्यांनी परिषदेचे अध्यक्ष क्लेमांसो यांना पत्र लिहिलं.

ते पत्र मला फार आवडतं, कारण त्यात गयावया नाही. हिंदुस्थानचा विस्तार, साधनसंपत्ती आणि लोकसंख्या मोजून दाखवून ते म्हणतात की आशियात शांतता राखायची तर राष्ट्रसंघाला हा देश कारभारी म्हणून उपयोगी पडेल. खटला हरलेला, डोक्यावर खर्चाचा डोंगर, वय बासष्ट, आणि हा माणूस पॅरिसशी बरोबरीच्या नात्यानं बोलतो आहे! उपयोग झाला का? नाही. खुर्ची आधीच भरलेली होती.

प्रश्न : माझे आजोबा गिरणीत होते. ते म्हणायचे, ‘आमचे आठ तास वॉशिंग्टनला ठरले आणि ते एका जोश्यांनी ठरवले.’ घरात सगळे हसायचे. यात काही तथ्य आहे का? – एक वाचक, लालबाग

उत्तर : हसणाऱ्यांनी जरा थांबावं. आजोबांचं वॉशिंग्टन बरोबर, जोशीही बरोबर. आठचा आकडा तेवढा घाईनं आला.

व्हर्सायचा तह म्हटला की आपल्याला जर्मनीवर लादलेला दंड आठवतो. त्याच तहाचा तेरावा भाग कामगारांबद्दल होता. रशियात क्रांती झालेली, युरोपभर संप पेटलेले. कामगार चिडला तर तहाचा कागद टिकणार नाही, हे पॅरिसला जमलेल्या बड्या लोकांना कळत होतं. त्यातून आंतरराष्ट्रीय कामगार संघटना जन्मली. तिची पहिली परिषद २९ ऑक्टोबर १९१९ला वॉशिंग्टनमध्ये भरली. गंमत म्हणजे अमेरिकेच्या सिनेटनं तह फेटाळला, त्यामुळे ज्यांच्या घरी मांडव त्यांचंच नाव यादीत नाही. ते १९३४मध्ये आले.

या संघटनेची रचना वेगळी होती. प्रत्येक देशाचे चार प्रतिनिधी : दोन सरकारचे, एक मालकांचा, एक कामगारांचा, आणि प्रत्येकाचं मत स्वतंत्र. म्हणजे कामगारांचा माणूस आपल्याच सरकारविरुद्ध हात वर करू शकत होता. राष्ट्रसंघाच्या सभेत हे शक्य नव्हतं. हिंदुस्थानच्या कामगारांतर्फे गेले ते नारायण मल्हार जोशी, कुलाबा जिल्ह्यातल्या गोरेगावचे, भारत सेवक समाजाचे. त्यांना निवडलं सरकारनं, कारण निवडून देणारी देशव्यापी संघटनाच नव्हती.

परिषदेनं दिवसाला आठ आणि आठवड्याला अठ्ठेचाळीस तासांचा करार केला. आता त्याचं दहावं कलम ऐका : ब्रिटिश हिंदुस्थानात आठवड्याला साठ तास. तहातच सोय करून ठेवली होती की ज्या देशांचं हवामान वेगळं आणि उद्योग अपुरे, त्यांना वेगळा नियम लावावा. हवामान! उकाड्यात माणसानं जास्त तास राबावं, हा तर्क मला अजून कळलेला नाही.

तरीही साठ ही खाली येण्याची पायरी होती. १९११च्या कायद्यानं कापडगिरणीतल्या पुरुषाला दिवसाचे बारा तास मान्य केले होते. १९२२च्या कायद्यानं आठवड्याला साठ आणि दिवसाला जास्तीत जास्त अकरा अशी मर्यादा आली. कामावर घ्यायच्या पोराचं किमान वय नवावरून बारावर गेलं. १९३४मध्ये साठाचे चोपन्न झाले. अठ्ठेचाळीस उजाडायला १९४६ लागलं. ते विधेयक आणलं तेव्हा मजूर खातं डॉ. बाबासाहेब आंबेडकरांकडे होतं. त्यातही दिवसाची मर्यादा नऊ तासांची. आजोबांचे आठ म्हणजे अठ्ठेचाळीस भागिले सहा.

सगळं श्रेय परदेशाला देऊ नका. जानेवारी १९२०मध्ये मुंबईच्या गिरण्यांत मोठा संप झाला, आणि दहा तासांचा दिवस इथल्या कामगारानं कायद्याच्या आधीच मिळवला. रविवारची सुट्टी तर त्याहून जुनी. ती १८९०ची, नारायण मेघाजी लोखंड्यांची, तेव्हा राष्ट्रसंघ कुणाच्या स्वप्नातही नव्हता. वॉशिंग्टननं आणखी एक केलं, ते कमी सांगितलं जातं. कामगारांचा प्रतिनिधी त्यांच्या संघटनांच्या संमतीनं नेमावा, असं तहात होतं. मग संघटना हवी. ३१ ऑक्टोबर १९२०ला मुंबईत आयटक, म्हणजे अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेस, स्थापन झाली, अध्यक्ष लाला लजपतराय. एका परदेशी परिषदेतली खुर्ची कुणाला मिळावी, हेही तिच्या जन्माचं एक कारण होतं.

प्रश्न : मी नववीला राष्ट्रसंघाच्या अपयशाची कारणं शिकवते. मुलं विचारतात, ‘मॅडम, त्यातून काहीच शिल्लक राहिलं नाही का?’ काय सांगू? – एक शिक्षिका, सांगली

उत्तर : हाच प्रश्न मला विचारला गेला होता. मी परळच्या एका रात्रशाळेत सव्वीस वर्षं इतिहास शिकवला. मुलं कसली, बापेच; पहिली पाळी करून यायचे, दुसरी पाळी लागली की आठवडाभर बाक रिकामा. १९८२च्या गिरणी संपानंतर वर्ग निम्मा झाला, ते वेगळं. त्याआधीच्या एका वर्षी मी फळ्यावर पाच कारणं लिहिली : अमेरिका नाही, सैन्य नाही, एकमताची अट, जपाननं गिळलेला मांचुरिया, इटलीनं गिळलेला ॲबिसिनिया. मागच्या बाकावरच्या एका बदली कामगारानं विचारलं, ‘बाई, मग सगळंच बुडालं?’

राष्ट्रसंघ १८ एप्रिल १९४६च्या शेवटच्या बैठकीनंतर बंद झाला. त्याच तहातून जन्मलेली आंतरराष्ट्रीय कामगार संघटना मात्र बुडाली नव्हती. १९४०मध्ये जिनीव्हाभोवती युद्ध दाटलं तेव्हा तिची मोजकी माणसं दप्तर घेऊन कॅनडात मॉन्ट्रियलला गेली आणि एका विद्यापीठाच्या आवारात काम करत राहिली. मे १९४४मध्ये, नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर फौजा उतरण्याआधीच, फिलाडेल्फियात जमून तिनं जाहीर केलं की श्रम हा विकाऊ माल नव्हे. १९४६मध्ये ती संयुक्त राष्ट्रांशी जोडलेली पहिली विशेष संस्था झाली. आजही आहे, जिनीव्हातच.

हे मी नंतर वाचलं. तेव्हा मला पाठ्यपुस्तकापलीकडचं काही ठाऊक नव्हतं. मी म्हटलं, ‘हो, सगळंच.’ त्यानं ते वहीत लिहून घेतलं आणि लवकर निघू का म्हणून विचारलं. सकाळी सातची पाळी होती.