'अटॅक्टिक' हा शब्द कुठून आला आणि मराठीत त्याला काय म्हणावे?

पावसाळ्यापूर्वी इमारतीच्या गच्चीवर वॉटरप्रूफिंगची काळी डांबरी शीट बसवून घेतलेल्या एका गृहस्थांनी हा प्रश्न विचारला आहे. शीटसोबत मिळालेल्या माहितीपत्रकात 'एपीपी' ही अक्षरे होती आणि त्यांचा विस्तार 'अटॅक्टिक पॉलिप्रोपिलीन' असा दिलेला होता. 'अटॅक्टिक' या शब्दाचा 'अटॅक'शी, म्हणजे हल्ल्याशी, काही संबंध आहे का, नसल्यास तो डावपेच या अर्थाच्या 'टॅक्टिक'वरून आला आहे का, आणि मराठीत लिहायचे झाल्यास त्याला कोणता प्रतिशब्द योग्य ठरेल, असे त्यांनी विचारले आहे.

पहिल्या भागाचे उत्तर स्पष्ट 'नाही' असे आहे. 'अटॅक' हा शब्द इटालियन भाषेतील 'अत्ताक्कारे' या क्रियापदावरून फ्रेंचमार्गे इंग्रजीत आला आणि त्या क्रियापदाचा मूळ अर्थ 'जोडणे, भिडवणे' असा आहे. 'अटॅक्टिक'मध्ये सुरुवातीचा 'अ' वेगळा आहे आणि पुढचा 'टॅक्टिक' वेगळा आहे, म्हणून शब्द फोडायचा तो 'अटॅक-टिक' असा नव्हे, तर 'अ-टॅक्टिक' असा फोडायला हवा. हा 'अ' ग्रीक भाषेतील नकारदर्शक उपसर्ग आहे. आपल्या 'अशांत', 'अनियमित', 'अनादर' या शब्दांतील 'अ' किंवा 'अन्' आणि ग्रीक भाषेतील हा 'अ' किंवा 'अन्' एकाच प्राचीन मुळातून आलेले सख्खे भाऊ आहेत. इंग्रजी उच्चाराप्रमाणे काही जण 'एटॅक्टिक' असे लिहितात, पण मराठीत 'अटॅक्टिक' हेच लेखन ठेवावे असे मला वाटते. हल्ल्याचा भास होण्याचा थोडा धोका त्यात आहे हे खरे, परंतु 'अ' म्हणजे 'नाही' हे मराठी वाचकाला शिकवावे लागत नाही, आणि 'ए' लिहिल्यास शब्दातील सर्वांत बोलका भाग पुसला जातो.

दुसऱ्या भागाचे उत्तर मात्र 'हो' असे आहे. ग्रीक भाषेत 'तास्सो' म्हणजे 'मी मांडतो, क्रमाने लावतो' आणि 'ताक्सिस' म्हणजे मांडणी किंवा व्यवस्था. सैन्य रणांगणावर मांडण्याच्या कलेला ग्रीक लोक 'ताक्तिके' म्हणत आणि त्यावरूनच आजचा 'टॅक्टिक्स' हा शब्द आला. म्हणजे 'टॅक्टिक'चा आजचा अर्थ डावपेच असला, तरी मूळ अर्थ आपल्या 'व्यूह' या शब्दाच्या अगदी जवळचा आहे. याच कुळात आणखी काही ओळखीचे शब्द सापडतात. स्नायूंच्या हालचालींमधील मेळ जाणाऱ्या विकाराला वैद्यकात 'अटॅक्सिया' म्हणतात, तो शब्द 'अटॅक्टिक'चा अगदी निकटचा आप्त आहे. 'टॅक्टाइल' म्हणजे स्पर्शविषयक हा शब्द मात्र या कुळातला नाही. तो स्पर्श करणे या अर्थाच्या लॅटिन धातूपासून आला आहे आणि 'टॅक्ट', म्हणजे वागण्यातील सूक्ष्म जाण, हाही त्याचाच सोबती आहे.

आता हा मांडणीचा अर्थ रसायनशास्त्रात कसा आला ते पाहू, कारण ते समजल्याशिवाय प्रतिशब्दाची चर्चा हवेत राहील. प्रोपिलीनचा रेणू तीन कार्बन अणूंचा असतो. असे हजारो रेणू एकमेकांना जोडून पॉलिप्रोपिलीनची साखळी तयार होते, तेव्हा प्रत्येक रेणूचे दोन कार्बन साखळीच्या कण्यात बसतात आणि तिसरा कार्बन, म्हणजे मिथिल गट, बाजूला लोंबत राहतो. साखळी कागदावर सपाट, नागमोडी रेषेसारखी ताणून काढली, तर हे मिथिल गट त्या सपाटीच्या एका अंगाला किंवा दुसऱ्या अंगाला येतात. सर्व गट एकाच अंगाला आले तर ती साखळी 'आयसोटॅक्टिक', एक या अंगाला आणि पुढचा त्या अंगाला अशी रचना शेवटपर्यंत टिकली तर 'सिंडिओटॅक्टिक', आणि कोणताच नियम नसेल तर 'अटॅक्टिक'. वनस्पतींचे वर्णन करताना मराठीत 'पाने साधी, एकाआड एक' असे लिहिण्याची पद्धत आहे. त्या धर्तीवर एखाद्या लांब फांदीची कल्पना केली, तर पहिल्या प्रकारात सगळी पाने एका बाजूला, दुसऱ्यात एकाआड एक आणि तिसऱ्यात वाटेल तशी फुटलेली आहेत असे म्हणता येईल.

हा फरक साखळी वळवून किंवा पिळून घालवता येत नाही. ज्या कार्बनला मिथिल गट जोडलेला असतो, त्याला एक हायड्रोजन आणि दोन बाजूंना साखळीचे दोन भाग असे एकूण चार जोड असतात, आणि या चौघांची अवकाशातील मांडणी रासायनिक बंध तोडल्याखेरीज बदलत नाही. म्हणून ही मांडणी साखळी तयार होतानाच ठरते आणि ती ठरवण्याचे काम उत्प्रेरक करतो.

या शब्दांचा जन्म नेमका कधी आणि कोणाच्या घरात झाला हे ठाऊक आहे, आणि भाषेची आवड असणाऱ्याला त्यात विशेष आनंद वाटावा असे काही आहे. जर्मनीतील म्युल्हाइम येथे कार्ल त्सीग्लर यांनी १९५३ मध्ये टायटॅनियम आणि ॲल्युमिनियम यांची संयुगे वापरून एथिलीनच्या लांब, सरळ साखळ्या तयार करणारा उत्प्रेरक शोधला. मिलान येथील पॉलिटेक्निकमधील प्राध्यापक ज्युलिओ नात्ता यांनी तशाच उत्प्रेरकाचा प्रयोग प्रोपिलीनवर करवला, आणि ११ मार्च १९५४ या तारखेला त्यांनी रोजनिशीत 'पॉलिप्रोपिलीन केले' एवढेच इटालियन भाषेत नोंदवले. हाती आलेल्या पदार्थातून उकळत्या द्रावकांच्या साहाय्याने त्यांच्या सहकाऱ्यांनी वेगवेगळे अंश बाजूला काढले. काही अंश मऊ आणि चिकट निघाला, तर काही अंश कडक आणि स्फटिकी निघाला, आणि क्ष-किरणांच्या अभ्यासात त्याच्या साखळ्यांमधील विलक्षण शिस्त दिसून आली. रासायनिक घटक तेच, प्रमाण तेच, तरीही दोन पदार्थ वेगळे होते, आणि या वेगळेपणाला तोपर्यंत नाव नव्हते. ते नाव सुचवले नात्ता यांच्या पत्नी रोझिता बेआती यांनी. त्या साहित्याच्या पदवीधर होत्या आणि ग्रीक शब्दभांडारातून त्यांनी हे तीन शब्द घडवले. पुढे १९६३ मध्ये त्सीग्लर आणि नात्ता यांना रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले, आणि साहित्य शिकलेल्या या बाईंचे शब्द जगभरच्या प्रयोगशाळांत रूढ झाले. परिभाषा घडवताना विज्ञान जाणणाऱ्याइतकीच भाषा जाणणाऱ्याचीही गरज असते, याचे इतके स्वच्छ उदाहरण माझ्या पाहण्यात दुसरे नाही.

त्या तीन शब्दांत कौशल्य दिसते ते 'सिंडिओटॅक्टिक'मध्ये. 'आयसो' म्हणजे 'सम, सारखा' आणि 'अ' म्हणजे नकार, एवढे बहुतेकांना कळते. 'सिंडिओ' हा भाग ग्रीक भाषेतील 'दोन-दोन मिळून' या अर्थाच्या शब्दावरून घेतला आहे, आणि त्यातील 'दिओ' म्हणजे आपल्या 'द्वि'चाच ग्रीक आप्त. एकाआड एक मांडणीत एका घटकाने नमुना पूर्ण होत नाही, तो दोन घटकांनी पूर्ण होतो आणि मग पुन्हा सुरू होतो, हे त्या शब्दात नेमके टिपले आहे.

आता मराठी प्रतिशब्द. अशा लांब साखळीच्या पदार्थाला, म्हणजे पॉलिमरला, मराठीत 'बहुवारिक' हा शब्द विश्वकोशाने रूढ केला आहे आणि हिंदीत 'बहुलक' म्हणतात. म्हणून मराठी लेखनात 'बहुवारिक' किंवा सरळ 'पॉलिमर' लिहावे, 'बहुलक' नको. मात्र 'टॅक्टिक' या घटकासाठी 'क्रम', 'पार्श्व', 'व्यूह' आणि 'विन्यास' असे चार पर्याय विचारात घेता येतात.

'समक्रमी' आणि 'अक्रमी' हे शब्द सोपे आहेत, पण त्यांत एक अडचण आहे. दोन वेगवेगळे एकवारिक, म्हणजे साखळीत जोडले जाणारे सुटे रेणू, एकत्र जोडून जे सहबहुवारिक तयार होते, त्यात कोणता घटक कोणत्या घटकानंतर येतो याला क्रम म्हणावे लागते. तो प्रश्न वेगळा आहे आणि दोन्हींसाठी एकच शब्द वापरल्यास पुढे घोटाळा अटळ आहे. 'एकपार्श्वी' हा शब्द कागदावरचे चित्र डोळ्यांसमोर उभे करतो, परंतु प्रत्यक्ष स्फटिकात आयसोटॅक्टिक पॉलिप्रोपिलीनची साखळी सपाट राहत नाही. मिथिल गटांची गर्दी टाळण्यासाठी ती मळसूत्रासारखी वळते आणि दर तीन घटकांनी एक वेढा पूर्ण करते. त्यामुळे मिथिल गट एकाच बाजूला राहत नाहीत, ते अक्षाभोवती तिन्ही दिशांना तोंड करतात. म्हणजे 'एकपार्श्वी' हे चित्राचे वर्णन होईल, वस्तूचे होणार नाही. 'व्यूह' हा अर्थाच्या इतिहासाच्या दृष्टीने सर्वांत जवळचा शब्द आहे आणि मला त्याचा मोह पडतो, पण आजच्या मराठीत त्याला रणांगणाचा इतका गडद वास आहे की रसायनशास्त्राच्या पानावर तो वाचकाला दुसरीकडेच घेऊन जाईल.

माझा कौल 'विन्यास' या शब्दाला आहे आणि त्याचे मुख्य कारण असे की ही जोडी मराठीत आधीच जुळलेली आहे. 'सिंटॅक्स' या शब्दात हाच 'ताक्सिस' दडलेला आहे आणि त्याला आपण भाषाशास्त्रात 'वाक्यविन्यास' म्हणतो. 'विन्यास' या शब्दाची फोडही अनुकूल आहे. 'वि' आणि 'नि' हे उपसर्ग लागून 'अस्', म्हणजे टाकणे किंवा ठेवणे, या धातूपासून तो तयार झाला आहे, आणि त्याचा अर्थ 'नीट पसरून, जागच्या जागी ठेवणे' असा होतो. 'केशविन्यास' म्हणताना आपल्याला तोच अर्थ अभिप्रेत असतो. एकदा हे स्वीकारले की 'आयसोटॅक्टिक'साठी 'समविन्यासी' हा शब्द आपोआप येतो, कारण 'समस्थानिक' आणि 'समदाब रेषा' या शालेय शब्दांत 'आयसो'साठी 'सम' रुळलेलाच आहे. 'सिंडिओटॅक्टिक'साठी 'एकांतरविन्यासी' म्हणावे. 'एकांतर' म्हणजे एक सोडून एक, आणि दिवसाआड येणाऱ्या तापाला 'एकांतरा' म्हणत असत, त्यामुळे तो शब्द परका नाही.

'अटॅक्टिक'साठी 'अविन्यासी' असे लिहिण्याची घाई मात्र करू नये. ग्रीक 'ताक्सिस'मध्ये मांडणीबरोबर शिस्तीचा अर्थही मिसळलेला आहे, म्हणून 'अ-टॅक्टिक' म्हणजे 'शिस्त नसलेला' असा बरोबर अर्थ निघतो. मराठीत 'अविन्यासी' म्हटले तर 'विन्यासच नसलेला' असा अर्थ होईल, आणि तो चुकीचा आहे, कारण अटॅक्टिक साखळीतील मिथिल गट धरणाऱ्या प्रत्येक कार्बनला स्वतःचा निश्चित विन्यास असतो, तो फक्त एका कार्बनकडून पुढच्याकडे जाताना कोणत्याही नियमाने ठरत नाही. 'विषमविन्यासी' हाही पर्याय टाळलेला बरा, कारण 'हेटरोटॅक्टिक' नावाची आणखी एक संज्ञा शास्त्रात आहे आणि तो शब्द तिच्यासाठी राखून ठेवावा लागेल. म्हणून मी 'अनियतविन्यासी' हा शब्द सुचवतो. तो लांब आहे, पण खोटे बोलत नाही. या सर्व प्रकारांना सामावणारा 'टॅक्टिसिटी' हा गुणधर्म 'विन्यासिता' या शब्दाने दाखवता येईल.

वापरताना दोन-तीन गोष्टी सांभाळाव्यात. ही विशेषणे साखळीला लागतात, सुट्या रेणूला लागत नाहीत, म्हणून 'आयसोटॅक्टिक प्रोपिलीन' हा प्रयोग चूक आहे. तसेच 'अटॅक्टिक पॉलिएथिलीन' या शब्दांना अर्थ नाही, कारण साध्या पॉलिएथिलीनच्या कण्याला दोन्ही अंगांना हायड्रोजनच असतो आणि डावे-उजवे करण्यासारखे काही उरतच नाही. एखादे बहुवारिक '९५ टक्के आयसोटॅक्टिक' आहे असे लिहिताना ते कशावरून ठरवले हेही सांगावे. उकळत्या हेप्टेन या द्रावकात न विरघळलेला भाग मोजून येणारा आकडा आणि प्रयोगशाळेत ज्याला एनएमआर म्हणतात त्या तपासणीतून शेजारच्या घटकांचे विन्यास मोजून येणारा आकडा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

या भेदाचा घरातील वस्तूंशीही थेट संबंध आहे. तळाशी त्रिकोणात ५ हा आकडा असलेला डबा आणि सिमेंटचे विणलेले पोते हे मुख्यतः आयसोटॅक्टिक पॉलिप्रोपिलीनचे असतात. शिस्तीत मांडलेल्या साखळ्या एकमेकींलगत घट्ट बसून स्फटिकी होतात आणि सुमारे १६० अंश सेल्सिअसपर्यंत वितळत नाहीत. अटॅक्टिक साखळ्यांना असे बसता येत नाही, म्हणून तो पदार्थ मऊ आणि चिकट राहतो. याउलट थर्माकोल ज्या पॉलिस्टायरीनपासून बनतो, ते अटॅक्टिक असूनही कडक असते, कारण तेथे बाजूचा गट मोठा आहे आणि सुमारे १०० अंशांखाली साखळ्या काचेसारख्या गोठून राहतात. तेव्हा 'अटॅक्टिक' म्हणजे 'मऊ' असा अर्थ कोशात लिहिणे चुकीचे ठरेल.

प्रश्नकर्त्यांच्या गच्चीवरील शीटमध्ये हा पदार्थ कसा पोहोचला, तेही सांगतो. पॉलिप्रोपिलीनच्या सुरुवातीच्या कारखान्यांत कडक, स्फटिकी माल हवा असे आणि त्याबरोबर तयार होणारा अटॅक्टिक अंश वेगळा काढून टाकावा लागे. पुढे असे दिसले की तो डांबरात मिसळला, तर डांबर उन्हात सहज पाघळत नाही आणि टिकते. त्यातून 'एपीपी' शीटचा व्यवसाय उभा राहिला. नंतरच्या सुधारित उत्प्रेरकांमुळे हा उपपदार्थ फारच कमी निघू लागला.

माहितीपत्रकात मराठी मजकूर द्यायचा असेल, तर 'अनियतविन्यासी (अटॅक्टिक) पॉलिप्रोपिलीन मिसळलेल्या डांबराची शीट' असे लिहावे. दुकानात आणि कामावर मात्र ती 'एपीपी' याच नावाने मागावी, कारण कारागिरांना तेच नाव ठाऊक आहे.