मार्कर कोणी लावला?

*"सोळा वर्षं संकलन करतोय. आधी मालिका, आता सिनेमे. नुकत्याच लागलेल्या सिनेमातल्या रुग्णालयाच्या दृश्याचं सगळीकडे कौतुक होतंय. शूटिंगमध्ये ते दृश्य साफ फसलं होतं. 'अ‍ॅक्शन' म्हणायच्या आधीचा नायिकेचा एक तुकडा, नुसती बसलेली, त्यावर असिस्टंटने मार्कर (फुटेजवरची खूण) लावून ठेवला होता. तो मी मध्ये घातला आणि दृश्य उभं राहिलं. दिग्दर्शक मुलाखतीत सांगतो, सेटवर जादू झाली! पुढचा सिनेमाही त्याचाच करतोय, श्रेयनामावलीची यादी द्यायचीय. गप्प बसू की जाहीर बोलू?" – अदृश्य*

अदृश्य महाशय,

दिग्दर्शकाचं राहू द्या. मार्कर कोणी लावला?

तुमचं मूळ पत्र चार पानी आहे, वर फक्त सारांश दिलाय. त्यात दिग्दर्शकाचं नाव अकरा वेळा येतं, नायिकेचं पाच वेळा. असिस्टंटचं शोधून दमले. तो आहे की ती आहे, तेही कळत नाही. कुठे कापायचं ते तुम्हाला बरोबर कळतं.

क्लॅपच्या, म्हणजे शॉटच्या सुरुवातीला वाजवतात त्या पाटीच्या, आधीचं फुटेज कोण बघतं हो? सिंक लावणारे, म्हणजे चित्र आणि आवाज जुळवणारे, थेट क्लॅपवर जातात आणि पुढे सरकतात. तिथे कोणी केस सारखे करत असतं, कोणी दिव्याकडे बघत असतं. या माणसाने तो सगळा कचरा बसून पाहिला आणि नेमक्या जागी थांबला. तुम्ही तो तुकडा जिथे बसवलात ती जागा अचूक, ते श्रेय तुमचंच. पण सापडला तो तुम्हाला नाही.

'लॉरेन्स ऑफ अरेबिया'मधला (१९६२) विझवलेल्या काडीवरून थेट वाळवंटात नेणारा कट तुम्हाला पाठ असेल. पटकथेत तिथे डिझॉल्व्ह होता, म्हणजे एक दृश्य विरत दुसरं उमटणं. तो व्हायचा लॅबमध्ये, नंतर. तोवर वर्क प्रिंटमध्ये, म्हणजे संकलनाच्या कच्च्या प्रतीत, दोन्ही शॉट नुसते एकाला एक चिकटवलेले. ते तसे पडद्यावर दिसले आणि डिझॉल्व्हची गरजच संपली. मग अ‍ॅन कोट्स या संकलक बाईंनी त्यातल्या दोन फ्रेम काढल्या, म्हणजे सेकंदाचा बारावा भाग. तुमच्या कामात घबाड असं हाती लागतं, जुळवाजुळवीच्या टेबलावर. तिथे हल्ली तुम्ही बसत नाही, तुमचा असिस्टंट बसतो.

दिग्दर्शक लबाड आहेच. पण त्याने तुमचं जे केलं, तेच तुम्ही असिस्टंटचं केलंत. त्याला त्यासाठी अख्खी मुलाखत लागली, तुमचं एका वाक्यात उरकलं.

यादी अजून गेली नाही ना? मग जाहीर काही बोलू नका. आजच तुमच्या नावाखाली ते नाव घाला, 'सहयोगी संकलक' म्हणून. निर्माता कुरकुरला तर तुमच्या त्या सोळा वर्षांचं वजन तिथे वापरा. आणि यादी पाठवण्याआधी त्या व्यक्तीलाच दाखवा, नाव बरोबर लिहिलंय ना ते विचारायला. आडनाव तुम्हाला माहीत असेल, याची मला खात्री नाही.