‘नेक्रोनॉमिकॉन’ हा प्राचीन जादूग्रंथ खरोखर अस्तित्वात आहे का?

नाही. हा ग्रंथ अमेरिकन कथाकार एच. पी. लव्हक्राफ्ट यांनी कल्पिला असून, अब्दुल अलहजरेद नावाच्या वेड्या अरबाने तो इ. स. ७३०च्या सुमारास दमास्कसमध्ये ‘अल अझिफ’ या नावाने लिहिला, हा त्याचा इतिहासही त्यांनीच १९२७ साली रचला. ग्रंथातील मजकूर ते मोजकाच देतात. तरीही एका कथेत विल्बर व्हेटली हा तरुण आपल्या जीर्ण, अपुऱ्या इंग्रजी प्रतीतून गहाळ झालेल्या ७५१व्या पानावरील मजकुरासाठी (तेही काल्पनिकच असलेल्या) मिस्कॅटोनिक विद्यापीठाच्या ग्रंथालयात येऊन लॅटिन प्रतीशी ताळा करू लागतो, तेव्हा ते पुस्तक खरेच वाटू लागते. बाजारात या नावाने मिळणारी पुस्तके मात्र इतरांनी नंतर लिहिलेली आहेत.